दलदलीतली बेडूकमाणसं आणि त्यांची जादू – गेमसाठी डोकं लावा जरा

फाशांचा_राजा

नमस्कार मंडळी, प्रश्न जरा येडपट वाटंल पण मदत पाहिजे. आम्ही पाचजण संभाजीनगरला दर रविवारी एकाच्या रूमवर बसून तो फाशांचा गोष्टीवाला गेम खेळतो. ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी, एकजण गोष्ट रचून सांगतो, बाकीचे चौघं त्यातली पात्रं होतेत, आणि कुणी उडी मारली, भांडण केलं, जादू केली की ते जमलं का फसलं हे फासा टाकून ठरतं. सध्या गोष्ट सांगायची पाळी माझी आहे.

तर मी एक मोठी दलदल घेतली आणि तिच्यात राहणारी बेडूकमाणसं. नाव ठेवलं पाणमंडूक. त्यांचा राजा, सेनापती, कमळांचा राजवाडा, आणि एक म्हातारा जादूगार जो हिरव्या आगीचे गोळे फेकतो. मागच्या रविवारी पहिला भाग खेळलो आणि अर्ध्या तासात आमच्यातला एकजण म्हणला, "मायला, ह्यात बेडूक कुठाय? हे तर हिरवा रंग लावलेले पाटील आहेत, पंचायतीच्या इलेक्शनला उभे केलेले." सगळे एवढे हसले की पुढं गेम चाललाच नाही. राग आला, पण रात्री पडल्यापडल्या वाटलं बरोबरच बोलला बेटा.

अडचण अशी की दलदल म्हणलं की माझ्या डोळ्यापुढं धुकं, मगरी आणि वेली लोंबणारी झाडं येतेत, जी मी जन्मात पाहिली नाहीत. मी पाहिलाय फक्त आजोळचा नाथसागराचा, म्हणजे जायकवाडी धरणाचा काठ, उन्हाळ्यात पाणी मागं सरकल्यावर उघडा पडतो तो. तर ह्या लोकांची रीतभात कशी असावी, देव कोण, पोरं कशी वाढवतेत, आणि मेन म्हणजे जादू कशी असावी? आगीचे गोळे नकोत. येत्या रविवारी परत बसायचंय आणि इज्जतीचा सवाल आहे.

कोरडवाहू_लातूर

दलदल?? मराठवाड्यात?? भाऊ, आमच्या लातूरला २०१६ च्या एप्रिलात मिरजेहून रेल्वेनं पाणी आणावं लागलं होतं, पहिल्या खेपेला दहा वाघिणी, पाच लाख लिटर. तुझा पाणमंडूक आमच्या गल्लीत आला तर आधी विचारंल टँकर कोणत्या वारी येतो.

मस्करी सोड, पण मला वाटायलंय तुझी गोष्ट इथंच आहे. बारमाही दलदल पाहिजेच कशाला? चार महिने चिखल आणि आठ महिने भेगा, अशी दलदल घे. पावसाळ्यातले बेडूक सगळ्यांनी पाहिलेत. ते आठ महिने हे लोक काय करतेत एवढं सांग, मग मी लातूरहून एसटीनं येतो गेम खेळायला. राजवाडा आधी पाड.

खडूधूळ

ज्युनियर कॉलेजला बायॉलॉजी शिकवतो, एकवीस वर्षं झाली, त्यामुळं लांबण लागंल, सहन करा.

तुमच्या मित्राचं म्हणणं मला पटलं. तुम्ही माणूस घेतला आणि त्याला बेडकाचं तोंड चिकटवलं. उलटं करा, आधी बेडकाचं अंग घ्या आणि त्या अंगातून रीतभात काढा. आता बघा, बेडूक तोंडानं पाणी पीत नाही. पोटाखाली, मांड्यांच्या जवळ जी पातळ कातडी असते ती ओल्या जागी टेकवून बसतो आणि तिथून पाणी आत घेतो. श्वाससुद्धा बराचसा कातडीतून. म्हणजे त्याची कातडी ही आपल्यासारखी भिंत नाही, ती उघडी खिडकी आहे, पाण्यात जे काही असंल ते थोडंफार आत येणारच. म्हणून तर पाण्यात औषध-फवारा उतरला की पहिला फटका बेडकाला बसतो.

आता असे दोनशे लोक एकाच डबक्यात राहतेत म्हणल्यावर काय होईल? एकाची भीती, एकाचा राग, एकाचं आजारपण सगळ्यांच्या अंगात उतरणार. त्या डबक्यात खोटं बोलताच येणार नाही कारण पाणी आधीच चुगली करतं. ज्याला काही लपवायचंय त्याला काठावर, कोरड्यात, उन्हात जाऊन बसावं लागंल, जीव सुकवत. मग त्यांच्या भाषेत "तो कोरड्यावर बोलला" म्हणजे तो कट करायलाय असा अर्थ आपोआप येतो. लग्न ठरवणं, तंटा सोडवणं, सगळं पाण्यात बसून. ही झाली पहिली रीत, आणि ह्यात जादू अजून आलीच नाही.

दुसरं. बेडूक ठरावीक दिवसांनी कात टाकतो आणि ती स्वतःच खाऊन टाकतो. सापासारखी मागं सोडून देत नाही. ह्याचं कारण तुमच्या गोष्टीत असं ठेवा की टाकलेल्या कातीत त्या माणसाची सगळी ओल, सगळी आठवण असते, दुसऱ्या कुणी ती गिळली तर तो तुमच्या आवाजात बोलायला लागतो. कातचोर हा त्यांच्यातला सगळ्यात मोठा गुन्हेगार. व्हिलन पाहिजे होता ना, घ्या.

तिसरं, पोरं. इथं वर्गात मी नेहमी थांबतो आणि पोरं पण थांबतेत. बेडूकमाशाचं पायवाल्या बेडकात रूपांतर होताना काही दिवस असे असतेत की त्याला खाताच येत नाही. तोंड बदलायलं असतं, शेवाळ खाणारं लांबलचक आतडं आखूड व्हायलं असतं, कल्ले जाऊन फुप्फुसं कामाला लागायलीत. मग तो जगतो कशावर? बऱ्याच अंशी स्वतःच्या शेपटावर. शेपूट गळून पडत नाही, शरीर ते आतल्या आत विरघळवून वापरतं. म्हणजे आपलं बालपण खाऊन तो मोठा होतो. ह्याच्यापेक्षा मोठी जादू मला तर सुचत नाही. ह्या दिवसांचा त्यांच्यात उपास असावा, अख्खं गाव रात्रभर त्या पोराभोवती जागं, कुणी जेवायचं नाही.

आणि मंत्राची किंमत पण इथंच सापडते. १९१२ साली गुडरनाच नावाच्या शास्त्रज्ञानं बेडूकमाशांना थायरॉइड ग्रंथीचे तुकडे खायला घातले. ते झपाट्यानं बेडूक झाले, पण वाढ व्हायच्या आतच रूप पालटल्यानं एवढुशे राहिले. तुमच्या जादूगारणीला हा मंत्र द्या. दुष्काळ येणार, डबकं आटणार, पोरांना पाय फुटायला वेळ नाही. ती मंत्र टाकून रातोरात पोरांना मोठं करू शकते. पण ती पिढी जन्मभर चिमणीएवढी राहील. टाकायचा का मंत्र? टाका मग फासा.

एक कडू गोष्ट राहिली. आपल्याकडचा तो मोठा हिरवा-पिवळा बेडूक, इंडियन बुलफ्रॉग, त्याची पिल्लं मांसाहारी असतेत, डबकं आटायला लागलं की सख्ख्या भावंडांना पण सोडत नाहीत. तुमच्या लोकांचं असंच असंल तर त्यांच्यातला प्रत्येक मोठा माणूस कुणाला तरी खाऊन मोठा झालाय. आपण हे लपवलं असतं. ते लपवू शकत नाहीत, पाणी एकच आहे. मग मला वाटतं ते नावातच घेत असतील. नाव विचारलं की आधी स्वतःचं सांगायचं, मग पोटातल्यांची.

कोरडवाहू_लातूर

सर, सकाळी सकाळी नाष्टा करायलो होतो 😐

गाळपेर

राम राम. मी नाथसागराच्या कडचा. आमच्या आज्याची जमीन धरणात गेली. १९६५ ला शास्त्रीजींनी पाया घातला, १९७६ ला इंदिराबाईंनी उद्घाटन केलं, अन् आमचं जुनं गाव पाण्याखाली. आता पाणी खाली सरकलं की त्याच गाळात आम्ही हरभरा, टरबूज करताव. गाळपेर म्हणतेत त्याला, म्हणून हे नाव घेतलंय.

मंग चिखल कसा असतो ते माझ्याकून ऐका. वरून पापडावानी वाळलेला, फोटो काढला तर वाटंल कोरडं रान हाय. पाय टाकला की खाली राबडी, मांडीपस्तोर आत. बैल कदीच घालायचा नाही. पलीकडं लव्हाळा, पाणकणीस, अन् सगळीकडं बेशरमाची झुडपं. वास कसा येतो, तर शिळ्या ताकात लोखंड बुडवून ठेवल्यासारखा. हे धरण खोल नाही, बशीवानी पसरट हाय, त्यामुळं पाणी एक हात उतरलं की काठ लांबच्या लांब सरकतो. आज जिथं होडी होती तिथं म्हैना-दोन म्हैन्यानी माणूस चालतो. मे म्हैन्यात जुन्या गावच्या विहिरीचं कडं उघडं पडतं, दगडी, गाळानं गच्च भरलेलं. लहानपणी आम्ही त्याच्यावर बसून डबा खायचो.

बेडूक कुठं जातेत म्हणतासा, तर काळ्या रानाच्या भेगात. आमची माती पाणी पिली की फुगती अन् उन्हानं फाटती, एकेका भेगंत काठी घातली तर बुडापस्तोर जाती. नांगरटीला कदी कदी ढेकळासंगं निघतो एखादा, मातीच्याच रंगाचा, मेल्यासारखा. हातावर घेऊन पाण्याचे दोन थेंब टाकले की गळ्याखाली हलायला लागतंय. अन् मृगाचा पहिला दणका पडला की त्याच रात्री नर असे पिवळेधमक होतेत की टॉर्च मारला तर लिंबं पडल्यासारखी वाटतेत. गळ्याच्या दोन्हीकडं निळे फुगे. पंचांगात नक्षत्राचं वाहन बेडूक असलं की म्हातारे खूश, पाऊस चांगला म्हणून.

जादूचं एक सांगतो. सर म्हणतेत पाणी म्हणजे सगळं. मला पटंना. नुसतं पाणी वाईट. रान चिभडलं की पीक पिवळं पडतं, मुळं सडतेत. कोरडं बी वाईट. मदला जो टाइम असतो, माती हातात दाबली तर मुटका होतो अन् टाकला तर फुटतो, त्याला आम्ही वाफसा म्हणताव. पेरणी वाफशावरच. तुमची जादू बी वाफशावरच चालावी. भर पाण्यात मंत्र टाकला तर वाहून जाईल, कोरड्यात टाकला तर उगवायचा नाही. अन् वरची ओल झिरपत झिरपत खालच्या ओलीला भेटली की आपण म्हणताव ओलीला ओल लागली, मंग चिंता नाही. त्यांचा सगळ्यात मोठा मंत्र तोच असावा. जित्याची ओल अन् मातीत गेलेल्याची ओल एकमेकाला लागली की मेलेला माणूस घडीभर बोलतो.

फाशांचा_राजा

अरे बाप रे. सर, दादा, हे तर सोनं आहे. जादूचे पॉइंट मी "ओल" नावानं ठेवतो, किती बोटं ओल शिल्लक आहे असं. काठावर आलं की तासाला एक बोट कमी. पण मग देव कोण ह्यांचा? आणि पाऊस पाडायचा मंत्र द्यावा का नाही?

उंबराखालची

बाळा, मी नांदेडची, साठी उलटलेली, लेकानं हा मोबाईल दिल्यापासून वाचत असते, लिहीत नाही. आज लिहिते.

देव शोधायला लांब कशाला जातोस? आपल्या नदीकाठी, विहिरीपाशी सात गोटे शेंदूर लावून मांडलेले असतात ते पाहिले नाहीस का? साती आसरा. आम्ही लहान असताना भर दुपारी विहिरीवर गेलो की आजी ओरडायची, "आसरा ओढतेत गं!" नदीला पूर आला की हळदकुंकू, खण, निवद. त्या सातजणींची नावं आहेत, मत्स्यी, कूर्मी, कर्कटी, दर्दुरी, जतुपी, सोमपा, मकरी. मासळी झाली, कासव झालं, खेकडा झाला, मगर झाली. आणि दर्दुरी म्हणजे कोण? दर्दुर म्हणजे बेडूक. तुझ्या लोकांची देवी आपल्या विहिरीच्या काठावर कधीची बसलेली आहे. आपण तिला माणसं ओढणारी म्हणून भितो, ते तिला आई म्हणत असतील, एवढाच फरक.

आता पावसाच्या मंत्राचं. देऊ नकोस. का सांगते. पाऊस ओढ धरून बसला की आमच्याकडं धोंडी काढायचे. एका पोराला उघडं करून कडुनिंबाचे डहाळे गुंडाळायचे, मुसळाला जिवंत बेडूक बांधायचा, आणि दारोदार फिरायचं. बाया त्या पोराच्या अंगावर घागरीनं पाणी ओतायच्या, वर पसाभर ज्वारी द्यायच्या. मी पण ओतलेलं आहे. ढोल, आरडाओरडा, आम्हाला किती मजा वाटायची. तुझा प्रश्न वाचला आणि पहिल्यांदा माझ्या डोक्यात आलं की मुसळाला बांधलेल्याला काय वाटत असंल. त्याला भर उन्हात फिरवायलेत, कातडी सुकायलीय, आणि प्रत्येक दारात घागरीचं पाणी शेजारच्या पोरावर पडतंय, त्याच्यावर चार शिंतोडे. तुझ्या लोकांमध्ये आया पोरांना भीती घालत असतील ना, ती हीच घालत असतील. "लवकर मातीत जा, नाहीतर मुसळवाले येतील." त्यांना पाऊस पाडता येत नाही. पण माणसांना वाटतं की येतो. सगळं भांडण इथून सुरू होऊ दे.

कोरडवाहू_लातूर

काकू 🙏 रोज लिहीत जावा हो.

पोथीवाला_अंबाजोगाई

उंबराखालच्या ताईंच्या मुद्द्याला जोडून. ऋग्वेदाच्या सातव्या मंडलात १०३ वं सूक्त बेडकांचंच आहे, मंडूकसूक्त. वर्षभर व्रत धरून बसलेल्या ब्राह्मणांसारखे बेडूक गप्प पडून राहतात आणि पर्जन्य आला की बोलतात, अशी सुरुवात. त्यात एक उपमा अशी आहे की तळ्यात बेडूक पडलाय तो वाळक्या चामड्याच्या पखालीसारखा, आणि त्याच्यावर आकाशातलं पाणी येतं. पखाल ज्यांनी पाहिलीय त्यांना लगेच कळंल, रिकामी पखाल सुरकुतून पडते आणि भरली की अंग धरते. पुढं म्हटलंय की एक गाईसारखा हंबरतो, एक बोकडासारखा, एक ठिपक्यांचा, एक हिरवा, आणि एकाचं बोलणं दुसरा असं म्हणतो जसं गुरूच्या मागं शिष्य म्हणतो.

हे शेवटचं तुमच्या कामाचं. ह्या लोकांची पंचायत अशी ठेवा की आपलं बोलायच्या आधी मागच्यानं काय म्हटलं ते जसंच्या तसं म्हणून दाखवायचं, मगच आपलं एक वाक्य जोडायचं. शेवटचा बोलणारा सगळी रात्र म्हणून दाखवतो. मंत्रही तसाच, एकट्याचा नसतोच. एखाद्याचं म्हणणं कुणी मागं म्हटलं नाही तर तो तिथंच विझला. (इथं फोरमवर पण हा नियम लावा म्हणतो, अर्धी भांडणं मिटतील.)

खडूधूळ

ताईंचं मान्य. एकच टीप, गाळपेर दादांच्या पोस्टवरून कुणाला वाटू नये की बेडूक ओरडल्यानं पाऊस येतो. नर ओरडतो तो मादीसाठी. पाऊस आधी, ओरडणं नंतर.

गाळपेर

सर, मी कुठं म्हणलो ओरडल्यानं येतो म्हणून. पण झड लागायच्या आदल्या सांजंला आमच्या पाणंदीत हमखास एखादा बोलतो. त्याला हवा कळती का काय ते तुमी शोधा. मी छत्री घेताव.

खडूधूळ

हवेतली आर्द्रता वाढलेली जाणवते एवढं म्हणू शकतो. छत्री घ्या.

फाशांचा_राजा

मंडळी, तीन रात्री जागून सगळं परत लिहिलं. राजा गेला, राजवाडा गेला, हिरवी आग गेली. पाणमंडूक नाव पण गेलं, आता त्यांना "चिभडे" म्हणतो, गाळपेर दादांच्या चिभडलेल्या रानावरून, आडनावासारखं वाटतं ते मला आवडलं.

लातूरच्या भाऊचा आठ महिन्यांचा प्रश्न डोक्यातून जाईना. शेवटी हे ठरलं. दिवाळी उलटून पाणी सरकायला लागलं की चिभडे एकेक करून गाळात उतरतेत आणि वर माती लिंपून झोपतेत. त्या काळात त्यांच्यात कर्ज थांबतं, भांडण थांबतं, वय थांबतं. पण एकजण जागी राहते. दरवर्षी एक, पंचायत निवडते. तिला म्हणतेत जागती. बुडालेल्या गावच्या विहिरीत, गाळाच्या वर हातभर पाणी उरतं तिथं ती बसते, पाणी भरलेली पखाल उशाला घेऊन, आणि उतरताना प्रत्येकानं सांगितलेली नावं, पोटातल्यांसकट, रोज रात्री एकदा म्हणून काढते. ज्याचं नाव चुकलं तो मृगाला उठत नाही. जादू बस एवढीच. बाकी सगळे झोपेत, म्हणून मंत्र मागं म्हणायला कुणी नाही, म्हणून ती विहिरीत तोंड घालून म्हणते आणि विहिरीचा घुमारा तिच्या मागं म्हणतो. (पोथीवाले काका, हे तुमच्यामुळं सुचलं.) पखालीतलं पाणी मेच्या शेवटापर्यंत पुरवायचं असतं. रोज किती बोटं स्वतःला आणि किती भेगेत ओतायचं हे तिनं ठरवायचं.

सुरुवात अशी करतोय. वैशाख. माझे चार खेळाडू चालत चालत एका सपाट, फाटलेल्या रानात येतेत. झाड नाही, माणूस नाही. रात्र होते म्हणून तंबू ठोकायला लागतेत. एकजण मेख ठोकतो. तिसऱ्या घावाला खालून कुणीतरी झोपेत कण्हतं.

त्यांना अजून माहीत नाही की ते दोन हजार लोकांच्या अंगावर उभे आहेत.

उंबराखालची

मेख काढताना हळू काढायला सांग त्यांना.

कोरडवाहू_लातूर

एसटीचं रिझर्वेशन बघतोय खरंच.

खडूधूळ

छान जमलंय. फक्त जागतीला उपाशी ठेवू नका एवढे महिने, तिला किडे-मुंग्या खाऊ द्या. आणि घास गिळताना डोळे मिटवून आत ओढायचे, बेडूक डोळ्यांनी घास मागं ढकलतो. खेळाडूंशी बोलता बोलता मध्येच तिचे डोळे डोक्यात जाऊ देत, बघा कसे दचकतेत.

फाशांचा_राजा

अपडेट. काल बसलो. संध्याकाळी सहाला सुरू केलं ते रात्री सव्वाबारा.

मेखेच्या आवाजाला रूममध्ये सन्नाटा. डोळ्यांचं सरांनी सांगितलं तसंच केलं, स्वतःचे डोळे घट्ट मिटून गिळून दाखवलं, एकजण मागं सरकला. मग मुसळवाले आले. पाऊस लांबलाय, गावाला वाटायलं जागती पकडून फिरवली की पडंल. माझ्या खेळाडूंनी तलवारी काढल्या आणि फासे असे घाण पडले की दोघं जखमी, एकाची अडीच बोटं ओल उरलेली. हो, माणसांना पण ओल लावली मी, का नको.

तर तो पाटीलवाला मित्र, ज्यानं मागच्या वेळी इज्जत काढली होती. त्याच्या पात्राकडं शेवटची एक पखाल होती. जागती त्याला म्हणली, उत्तरेकडच्या भेगेत ओत, तिकडची नावं मी दोन रात्री म्हणू शकले नाही. पखाल ओतली तर तो स्वतः सकाळपर्यंत टिकणार का नाही फाशावर होतं. हा माणूस एरवी एक फासा टाकायला चहाचं आमिष मागतो. पाच मिनिटं काही बोलला नाही, मग म्हणला, "ओतली. फासा नको, ओतली."

मग जागतीनं रीतीप्रमाणं विचारलं, तुझं नाव सांग, आणि पोटात कोण कोण आहे ते सांग. तो म्हणला, "दोन समोसे." सगळे हसले, मी पण हसलो, खेळ संपला. पण जाताना दारात चप्पल घालता घालता थांबला आणि विचारलं, "पण त्या जागतीच्या पोटात कोण होतं रे?"

आणि मंडळी मी हे ठरवलंच नव्हतं. सांगतो पुढच्या रविवारी म्हणून वेळ मारून नेली. आता सुचवा. भाऊ असावा का बहीण? एक का जास्त?

कोरडवाहू_लातूर

मागच्या वर्षीची जागती.

उंबराखालची

नको रे, असलं नको. जुळी बहीण असू दे. आणि तिचं नाव ती स्वतःच्या आधी घेत असंल.

खडूधूळ

सरासरी एका खेपेला हजारो अंडी, त्यामुळं एक तर नक्कीच नसणार. पण ताईंचं जास्त बरं वाटतंय, ताईंचंच घ्या.

गाळपेर

आमच्याकडं आज दिवेलागणीला दणकून झाला, मृग चांगला लागला. लाईट गेलेली हाय. विहिरीच्या अंगानं एवढा कालवा चाललाय की घरात बोललेलं ऐकू येईना, टॉर्च मारला तर पाच-सहा पिवळे दिसले. थांबा जरा, चिखल तुडवत जाऊन त्यायलाच विचारून येतो.